व्यंकटीच्या सिनेमाचा कापलेला शेवट

नवऱ्याचं नाव घेऊ नये, त्याचं आयुष्य कमी होतं, असं म्हणतात. व्यंकटी जाऊन बरीच वर्षं झाली. आता कमी व्हायला काही उरलेलं नाही, तेव्हा मी नाव घेऊनच सांगते.

माझा नवरा व्यंकटी वाघमारे सिनेमे काढायचा. हल्ली पुण्यामुंबईची पोरं त्याला ‘कल्ट’ म्हणतात, त्याच्यावर भाषणं करतात, त्याचं चित्र छापलेले सदरे घालून फिरतात. तो जिवंत होता तेव्हा उदगीरच्या आमच्या गल्लीत त्याला फोटूवाला म्हणायचे. त्याच्या स्वतःच्या गावात जे म्हणायचे ते इथं लिहीत नाही, कारण मी जन्मभर शाळेत मास्तरीण होते. या भाषणांत एक गोष्ट हमखास येते. व्यंकटीच्या सिनेमाच्या शेवटी पडदा कोरा राहतो, नुसता पांढरा उजेड दिसतो आणि त्यात म्हणे फार खोल अर्थ आहे. हे ऐकलं की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. त्या जागी कोरा पडदा नव्हता. त्या जागी माझी सासू होती. तिला कुणी कापलं, कुठं ठेवलं आणि ती परत कशी आली, एवढंच मला सांगायचं आहे.

व्यंकटीचं गाव जळकोटच्या बाजूचं. गावाचं नाव सांगत नाही. सांगितलं तर तिथले लोक म्हणतील, आमच्याकडं असलं काही नव्हतं, सगळे गुण्यागोविंदानं राहायचे. राहत असतील. घर छप्पन सालानंतर बौद्ध झालेलं, बाप लवकर गेलेला, आई धुरपताबाई मजुरीवर. व्यंकटी सातवी झाला आणि उदगीरला शिवप्पाअण्णांच्या फोटो स्टुडिओत झाडलोट करायला लागला. वर्षभरात तो झाडू टाकून डार्करूममध्ये पोचला. अण्णा लिंगायत, तोंडानं फटकळ, पण माणूस ओळखणारे. त्यांनी हैदराबादच्या जुन्या बाजारातून चावीवर चालणारा सिनेमाचा कॅमेरा आणला होता. लग्नांचे सिनेमे काढू, असा त्यांचा बेत. पण उदगीरच्या व्यापाऱ्यांना मुक्या लग्नाचं कौतुक नव्हतं. पोरीच्या लग्नात एवढा बँड लावला, तो ऐकूच येणार नसेल तर काय उपयोग, असं म्हणून त्यांनी अण्णांना लांबूनच हात जोडले. कॅमेरा कपाटावर जाऊन बसला.

पुढं व्यंकटीला एका सरकारी प्रचाराच्या गाडीवर मशीन चालवायची नोकरी लागली. गाडी गावोगाव जायची आणि कुटुंबनियोजनाचे, खतांचे सिनेमे दाखवायची. तिच्यासोबत कधीमधी शूटिंग करणारे साहेब यायचे. त्यांच्या रिळांचे उरलेले तुकडे व्यंकटी मागून घ्यायचा. साहेबांना वाटायचं, पोराला खेळायला हवेत. व्यंकटी ते काळ्या कागदात गुंडाळून अण्णांकडं ठेवायचा.

मग बाहत्तरचा दुष्काळ आला. त्याचं वर्णन मी करणार नाही. ज्यांनी सुकडी खाऊन दिवस काढले त्यांना सांगायला नको, आणि ज्यांनी नाही काढले त्यांना सांगून कळायचं नाही. व्यंकटीच्या गावाला दुष्काळी कामातून विहीर मंजूर झाली. जागा बौद्धवाड्याला लागूनच होती आणि खाली सगळा खडक. गावातली बाकीची माणसं रस्त्याच्या कामावर गेली. खडकात उतरल्या त्या बौद्धवाड्यातल्या बाया. सुरुंग उडाला की धुरळा बसायच्या आत खाली जायचं, दगड फोडायचे, टोपली डोक्यावर घेऊन वर यायचं. धुरपताबाई त्यात पुढं. व्यंकटी रजा टाकून अण्णांचा कॅमेरा घेऊन गावात आला आणि त्यानं हे सगळं त्यात घेतलं. बाया पहिल्यांदा लाजल्या, मग विसरून गेल्या. कामापुढं लाजायला कुणाला सवड होती?

पाणी लागलं त्या दिवशी पाटलांनी नारळ फोडला. दुसऱ्या दिवसापासून विहीर गावाची झाली. म्हणजे जिनं खांदली तिनं त्या विहिरीत बादली सोडायची नाही. बौद्धवाड्यातल्या बायांनी घागरी खाली मांडायच्या, लांब उभं राहायचं आणि पाटलांनी किंवा त्यांच्या माणसानं काठावर उभं राहून वरतून पाणी ओतायचं. बादली घागरीला लागता कामा नये, म्हणून चांगली हातभर उंचीवरून. निम्मं घागरीत, निम्मं मातीत. तेही त्या साली.

व्यंकटीनं तेही घेतलं. पाटलांना वाटलं, पोरगं सरकारी नोकरीत आहे, आपण पाणी वाटताना फोटो काढून राहिलाय. ते चांगले तोंड दाखवून उभे राहिले. त्यांचा हात दिसतो, बादली दिसते, चेहरा दिसतो. खाली धुरपताबाई घागरीपाशी उभी आहे. पाणी पडून राहिलंय आणि ती वर बघून एक वाक्य बोलते. कॅमेरा मुका होता, पण ती काय बोलली ते अख्ख्या बौद्धवाड्यानं ऐकलं होतं.

‘‘इहीर म्या खांदली.’’

एवढंच. शिवी नाही, आरडाओरड नाही. पाटलांनी पुढची घागर मागितली.

आता सिनेमाच्या फिल्मबद्दल एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं पाप कळणार नाही. व्यंकटीकडं जी फिल्म होती तिला निगेटिव्ह नसते. कॅमेऱ्यातून जी पट्टी जाते तीच धुवायची आणि तीच मशीनला लावून दाखवायची. तिच्यासारखी दुसरी जगात नाही. आणि धुवायला पाणी लागतं, भरपूर लागतं. व्यंकटी रिळं घेऊन उदगीरला पोचला तेव्हा अण्णांनी कपाळाला हात लावला.

‘‘आरं मर्दा, प्यायला पाणी न्हाई अन् तू फिलम धुवायचं म्हणून राहिलास. कशात धुऊ? थुक्यात?’’

हे धुरपताबाईला कळलं. ती घागर घेऊन एसटीत बसली. मांडीवर भरलेली घागर, तोंडाला फडकं बांधलेलं. कंडक्टरनं विचारलं, ‘‘म्हातारे, पाणी घिऊन कुठं निघालीस?’’ ती म्हणाली, ‘‘लेकाला आंगूळ घालायला.’’ अशा तिनं किती खेपा केल्या ते तिनं कधी मोजलं नाही. त्याच विहिरीचं, वरतून ओतलेलं पाणी अण्णांच्या डार्करूममध्ये गेलं आणि त्यात तिचंच चित्र उमटलं. व्यंकटीनं सिनेमाचं नाव ‘वरतून’ ठेवलं.

सिनेमा मुका, म्हणून धुरपताबाई स्वतः पडद्याशेजारी बसून बोलायची. पडदा म्हणजे धुतलेलं धोतर. प्रचाराच्या गाडीचे सरकारी सिनेमे संपले की व्यंकटी आपलं रीळ चढवायचा आणि ही बाई सुरू व्हायची. ज्या गावात खेळ, त्या गावच्या मोठ्या लोकांची ती आधी चौकशी करून यायची आणि दगड फोडता फोडता त्यांचाही समाचार घ्यायची. लोक हसून हसून लोळायचे. एकदा बघितलेले लोक पुढच्या गावी पुन्हा चालत यायचे, आज म्हातारी कुणाला धुते ते ऐकायला. पण शेवट आला की ती थांबायची. पाणी ओतलं जायचं, पडद्यावर तिचे ओठ हलायचे आणि बरोबर त्या वेळी ती ते एक वाक्य बोलायची. मग हसणाऱ्यांचे आवाज बंद.

मी पहिल्यांदा तो सिनेमा नांदेडला बघितला, जयंतीच्या दिवसांत, आमच्या वस्तीत. मी तेव्हा मास्तरकीचं शिकत होते आणि डोक्यात राख घालून फिरायची मला सवय होती. खेळ संपल्यावर मी भर गर्दीत उभी राहिले आणि म्हणाले, ‘‘असं पाणी घ्यायचंच कशाला? मी असते तर ती बादली ढकलली असती.’’

धुरपताबाईनं अंधारात माझ्याकडं बघितलं. ‘‘ये की पोरी. पर यायच्या आदी दोन दिस पाणी पिऊ नगंस. मग ढकल.’’

लोक हसले. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. रागारागानं घरी गेले, पण ते वाक्य काही डोक्यातून गेलं नाही. दुसऱ्या वर्षी हीच बाई आमच्या दारात आली आणि माझ्या बापाला म्हणाली, ‘‘मला ढकलणारी सून पायजे.’’ लोक सिनेमातल्या नटावर भाळून लग्न करतात. मी सिनेमातल्या सासूवर भाळून केलं.

लग्नानंतर महिन्याभरात व्यंकटीची नोकरी गेली. कुणीतरी वर कळवलं होतं की सरकारी मशीनवर जातीजातीत भांडणं लावायचे सिनेमे दाखवतात. कुणी कळवलं हे सांगायला ज्योतिषी नको. मी शाळेवर लागले होते, घर चाललं. व्यंकटी अण्णांकडं परतला. अण्णांनी एक मोडकं मशीन कुठून तरी आणून दुरुस्त केलं आणि व्यंकटी ते सायकलला बांधून हिंडायला लागला. त्यानं आणखीही सिनेमे काढले. उदगीरच्या मोंढ्यात धान्याची पोती वाहणाऱ्या हमालांवर एक. विष्णुपुरीला धरणाचं काम चालू होतं तेव्हा तिथं सिमेंट वाहणाऱ्या बायांवर एक. सगळे तुकड्यांवर काढलेले, सगळे मुके. पण लोक मागायचे ते ‘वरतून’. हॉस्टेलची पोरं नांदेडहून निरोप पाठवायची, वाड्यावस्त्यांवरून बैलगाड्या यायच्या. आणि दर खेळाला पट्टीवर नवे ओरखडे पडायचे. पडद्यावर त्या उभ्या रेघा दिसतात. मशीनवाले त्याला पाऊस म्हणतात. दुष्काळाच्या सिनेमात वर्षागणिक पाऊस वाढत चालला होता आणि व्यंकटीची झोप उडाली होती. आणखी काही वर्षांनी पट्टी तुटून हातात येणार, हे त्याला दिसत होतं.

अशा वेळी रेणुकादास सर आले. लातूरच्या एका कॉलेजात मराठी शिकवायचे. खादीचा झब्बा, हळू बोलणं, आमच्याकडं आले की मुद्दाम पाणी मागून प्यायचे आणि प्यालो हे सगळ्यांना दिसेल असा पेला खाली ठेवायचे. सिनेमा बघून ते खरोखर रडले होते, हे मी नाकारत नाही. ब्याऐंशी साल होतं. लातूर जिल्हा नवा होणार होता, गावभर कमानी उभ्या राहत होत्या. सर सोहळ्याच्या समितीवर होते. ते म्हणाले, ‘‘व्यंकटराव, नव्या जिल्ह्याचा पहिला सिनेमा तुमचा दाखवू. समिती मुंबईच्या लॅबमध्ये याची पक्की प्रत करून देईल. मग तुमचं रीळ जन्मभर राहील. थोडी बारीकसारीक काटछाट लागली तर चालेल ना?’’

व्यंकटी म्हणाला, ‘‘हाव सर. तुमी बघा.’’

इथं तो चुकला. त्याच्या धंद्यात काटछाट म्हणजे पट्टीच्या कडेची तुटकी भोकं, फाटकी टोकं कापून ती नीट जोडणं. सरांच्या धंद्यात काटछाट म्हणजे काय, हे त्यानं विचारलं नाही. शिकलेल्या माणसाला असं काय विचारायचं, असं वाटणारा तो होता. मला विचारलं असतं तर मी विचारलं असतं. पण मी शाळेत होते. संध्याकाळी घरी आले तोवर रीळ लातूरच्या गाडीत बसलं होतं, धुरपताबाईनं स्वतः फडक्यात बांधून दिलेलं.

ऑगस्टात सोहळा झाला. मोठं थिएटर, साहेबलोक, हारतुरे. आम्हाला मागच्या रांगेत जागा. धुरपताबाई नवं लुगडं नेसून आली होती. पडद्याशेजारी बसायला निघाली तर एका कार्यकर्त्यानं अडवलं. आता आवाज भरलाय, म्हणाला. आवाज कुणाचा तरी रेडिओसारखा होता आणि ‘श्रमाची गंगा’ वगैरे बोलत होता. आत्याबाई, सासूला मी आत्याबाई म्हणायची, गुमान बसून राहिल्या. मला त्यांचे ओठ दिसत होते. त्या रेडिओच्या खालून स्वतःचं बोलून राहिल्या होत्या.

विहिरीला पाणी लागलं. पाटलांनी नारळ फोडला. ‘समाप्त’ अशी पाटी आली. दिवे लागले आणि सगळं थिएटर टाळ्या वाजवायला लागलं. पुढच्या रांगेत समितीवरचे एक सन्माननीय सदस्य उठून नमस्कार करत होते. ते आमच्या गावचे पाटील होते.

धुरपताबाईच्या तोंडात तिचं वाक्य तयार होतं. ती पडद्याकडं बघत राहिली. मग व्यंकटीकडं वळली.

‘‘म्या कुठं गेले रे?’’

मला तो प्रश्न अजून ऐकू येतो, आणि माझा राग कुठून येतो असं कुणी विचारलं तर मी हेच सांगते.

दुसऱ्या दिवशी आम्ही सरांच्या घरी गेलो. त्यांनी आमचं रीळ परत दिलं. नवी प्रत समितीची मालमत्ता झाली होती. कापलं होतं ते आमच्या रिळातून, एकुलत्या एका पट्टीतून. कुणाला भांडं उसनं दिलं तर कुणी त्याचा काठ कापून परत देत नाही.

‘‘अहो, नव्या जिल्ह्याची सुरुवात कडवट नको, असं समितीचं म्हणणं पडलं,’’ सर म्हणाले. ‘‘आणि तुम्हीच म्हणालात, बघा म्हणून. खरं सांगू? सिनेमा आता जास्त उंचीवर संपतो.’’

‘‘तुकडा कुठंय?’’ व्यंकटीनं विचारलं.

‘‘लॅबवाल्यांनी टाकून दिला असेल. कापलेलं कोण ठेवतं?’’

व्यंकटी मुंबईला गेला. लॅबच्या मागच्या अंगणात कचऱ्याच्या पिंपांत त्यानं हात घालून बघितलं. लोक हसले, एकानं चहा दिला. तो रिकाम्या हातानं परत आला.

त्यानंतरचा पहिला खेळ उदगीरला, आमच्याच वस्तीत झाला. धुरपताबाई धोतराच्या पडद्याशेजारी बसली, पण बोलली नाही. पाणी लागलं, रीळ संपलं, पट्टीचं टोक मशीनमध्ये फडफडायला लागलं. व्यंकटीनं मशीनचा दिवा बंद केला नाही. पडद्यावर नुसता पांढरा उजेड. जेवढा वेळ त्याची आई त्या जागी उभी असायची तेवढा वेळ त्यानं तो तसाच ठेवला. कुणाला काही कळेना. मग मागून एका बाईनं, जिनं सिनेमा आधी बघितला होता, मोठ्यानं म्हटलं, ‘‘इहीर म्या खांदली.’’ तिच्या शेजारणीनं म्हटलं. मग सगळ्यांनी.

तेव्हापासून ती रीतच पडली. शेवटी पांढरा उजेड लावायचा आणि बघणाऱ्यांनी वाक्य म्हणायचं. दोन वर्षांनी धुरपताबाई गेल्या. त्या गेल्यावर तर पोरं नुसत्या त्या एका वाक्यासाठी कोसकोस यायला लागली.

आणि मग रेणुकादास सरांचा लेख आला. एका मासिकात, चांगला लांबलचक. व्यंकटी वाघमारे यांचा शुभ्र पडदा म्हणजे मराठी चित्रपटातला सर्वांत धाडसी प्रयोग आहे, असं त्यात होतं. रिक्ततेचं सौंदर्य, मौनाची भाषा आणि आणखी काय काय. सरांनीच लिहिलं. ज्यांनी तुकडा कापला त्यांनीच. मी तो अंक चुलीत घातला. पण लेख पुण्याला वाचला गेला, तिथून दिल्लीला गेला आणि माझा नवरा मोठा झाला. परिसंवादांची बोलावणी यायला लागली. तो एकदा गेला. तिथं त्यानं सांगितलं, ‘‘हा प्रयोग न्हाई, माझी माय कापली हाय.’’ लोकांना तेही फार आवडलं. त्यावरही कुणीतरी लेख लिहिला. तो पुन्हा गेला नाही.

पुढं तसली फिल्म मिळायची बंद झाली. व्यंकटीनं पोटासाठी लग्नाच्या व्हिडिओ कॅसेट काढल्या. त्यातही खोड गेली नाही. नवरीच्या बापाला कॅसेटमध्ये नवरी कमी आणि मांडवामागं भांडी घासणाऱ्या बाया जास्त दिसायच्या. लोक भांडायला यायचे. व्यंकटी शांतपणे म्हणायचा, ‘‘त्या बी लग्नातच होत्या की.’’ शेवटच्या आजारात तो एकच गोष्ट बडबडायचा, की पट्टी कुठंतरी असणार, फिल्म अशी सहज मरत नसते. मी हो हो म्हणायचे. मला वाटायचं, तापात आहे.

सोळा साली लातूरला रेल्वेनं पाणी आलं तो उन्हाळा. नळ कोरडे, घागरींच्या रांगा, पुन्हा तेच. त्या उन्हाळ्यात सरांची मुलगी विनीता माझ्या घरी आली. पन्नाशीची, बँकेत अधिकारी, बोलायला सरळ. खुर्चीवर बसली आणि रडायलाच लागली.

‘‘काकू, तुकडा बाबांच्या कपाटात आहे. बिस्किटाच्या डब्यात.’’

‘‘कधीपासून?’’

‘‘लॅबमधून आणल्यापासून. ते म्हणतात, टाकून द्यायचा धीर झाला नाही. जपून ठेवला.’’

जपून ठेवला. व्यंकटी पिंपात हात घालत होता तेव्हा तो डबा कपाटात होता. लेख लिहिला तेव्हा सर खुर्चीत बसले होते आणि डबा त्यांच्या पाठीशी होता. मी विनीताला काय काय बोलले ते आठवत नाही. तिनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, ‘‘मी डबा तुमच्याकडेच आणत होते. पण बाबा ऐकत नाहीत. दुष्काळावरचा चित्रपट महोत्सव आहे लातूरला. तिथं सगळ्यांसमोर देणार म्हणतात. तुम्ही आला नाहीत तर पुण्याच्या एका संग्रहाला पाठवतील.’’

म्हणजे मला जायलाच हवं होतं. व्यंकटीच्या उभ्या जन्माचा शेवट त्या डब्यात होता.

मी गेले. सभागृह गच्च. बाहेर टँकर उभा आणि आत स्टेजवर सीलबंद पाण्याच्या बाटल्या. सर पंच्याऐंशीचे झालेले, पण आवाज खणखणीत. हरवलेला शेवट कसा जपला, यावर ते बराच वेळ बोलले. कुणी हरवला, त्यावर बोलले नाहीत. मग माझं नाव पुकारलं. मी पायऱ्यांकडं निघाले तर सूत्रसंचालक म्हणाला, आजी, वर चढायचा त्रास नको, तिथंच थांबा. फोटोवाले पुढं सरसावले. सर स्टेजच्या कडेला आले, वाकले आणि डबा माझ्या दिशेनं खाली धरला. चांगला हातभर उंचीवरून.

मी वर बघितलं. मला एकदम आत्याबाईंचा आवाज आठवला, दोन दिस पाणी पिऊ नगंस, मग ढकल. तेव्हा कळलं बाईला काय म्हणायचं होतं. हात वर केला असता तर डबा मिळत होता. नुसता हात वर करायचा. आणि मला तो इतका हवा होता की माझे हात आपोआप उचलले जात होते. मी ते पदरात घट्ट धरून ठेवले.

‘‘खाली या, सर,’’ मी म्हणाले.

त्यांना ऐकू आलं. तरी ते म्हणाले, ‘‘काय?’’

‘‘खाली या अन् हातात द्या. वरतून घेणार नाही.’’

‘‘अहो, माझे गुडघे...’’

‘‘माझी सासू टोपली घेऊन विहिरीत उतरायची. तुम्हाला चार पायऱ्या हायत.’’

सभागृहात कुजबुज सुरू झाली. सूत्रसंचालक माईकमध्ये काहीतरी बोलून हसला. सरांचा चेहरा लाल झाला, त्यांनी डबा परत छातीशी धरला. मला वाटलं, गेला. आता हा डबा पुण्याला जाणार आणि आत्याबाई पुन्हा कुणाच्या तरी कपाटात. तरी मी वळले आणि दाराकडं चालायला लागले. मागं बघितलं नाही.

‘‘बाबा, उतरा.’’ विनीताचा आवाज. ‘‘उतरा म्हणते ना.’’

मी थांबले. ती त्यांचा दंड धरून उभी होती. ते उतरले. प्रत्येक पायरीवर दोन्ही पाय टेकवत, सगळ्या लोकांसमोर, खाली जमिनीवर आले. माझ्यासमोर उभे राहिले तेव्हा ते माझ्यापेक्षा बुटके निघाले. त्यांनी डबा पुढं केला. मी डबा धरला आणि त्यांची बोटंही धरली, सोडली नाहीत.

‘‘आता सांगा, कुणी कापला होता?’’

‘‘मी,’’ ते म्हणाले. माईक वरच राहिला होता, पण पहिल्या रांगांना ऐकू गेलं आणि तिथून मागं मागं जात राहिलं. मी त्यांची बोटं सोडली. आभार मानले नाहीत. त्यांना वाटलं असेल, मी नमस्कार करीन. तोही केला नाही.

महोत्सवातल्या पोरांनी सगळी पट्टी संगणकात घालून स्वच्छ करून द्यायची तयारी दाखवली, एकही रेघ राहणार नाही म्हणाली. मी सांगितलं, रेघांना हात लावायचा नाही. पट्टीची हवी तेवढी नक्कल करून ठेवा, पण जशी आहे तशी. तुकडा मी स्वतः जोडला, अण्णांच्या जुन्या स्टुडिओत, व्यंकटीच्या हत्यारांनी.

पहिला खेळ त्याच गावात झाला, त्याच विहिरीजवळ. विहीर आता गाळानं भरलेली, पण बांधकाम शाबूत. धोतराचा पडदा, अण्णांचं मशीन. विनीता बायांमध्ये सतरंजीवर बसली होती. सिनेमा सुरू झाला आणि पडदाभर पाऊस, चाळीस वर्षांच्या खेळांचे ओरखडे. त्यातूनच बाया दगड फोडत होत्या. पाणी लागलं, नारळ फुटला. लोक पांढऱ्या उजेडाची वाट बघायला लागले, वाक्य म्हणायला काहीजणी सावरून बसल्या.

पांढरा उजेड आला नाही. पाऊस एकदम ओसरला, कापायच्या आधीच्या मोजक्या रेघा तेवढ्या उरल्या आणि चित्र लख्ख झालं.

‘‘आता कसं साफ झालं,’’ पुढचं एक पोरगं म्हणालं.

‘‘साफ न्हाई केलं,’’ मी म्हणाले. ‘‘कापल्यापासून ते कुणाला दाखवलंच न्हाई, म्हणून तसं हाय.’’

पाटलांचा हात आला, बादली आली, चेहरा आला. खाली आत्याबाई, माझ्या आजच्या वयापेक्षा कितीतरी तरुण. पाणी पडलं. त्यांनी वर बघितलं आणि त्यांचे ओठ हलले. त्या रात्री कुणीच वाक्य म्हटलं नाही. गरज नव्हती, बोलणारी समोर उभी होती.

गर्दी पांगल्यावर विनीता मशीनपाशी आली. ‘‘काकू, आता तरी राग गेला का?’’

‘‘राग काय पाव्हणा हाय का, जायला,’’ मी म्हणाले आणि तिला पट्टीचं टोक धरायला सांगितलं. आम्ही दोघींनी रीळ गुंडाळलं. पांढरा उजेड आता लागणार नव्हता, म्हणून मी मशीनचा दिवा बंद केला.